दोन वर्षांत एक दिवस



माझी भाची अमेरिकेत नर्सिंग असिस्टंट. शुश्रूषागृहातल्या म्हाताऱ्या माणसांना आंघोळ घालायची, कूस बदलायची, भरवायचे, हे तिचे काम. सासूबाईंना अर्धांगवायू झाला तेव्हा तिने नोकरी सोडली आणि दोन वर्षांहून जास्त हेच सगळे घरी केले. त्या गेल्या. आता सर्टिफिकेटचे नूतनीकरण करायला गेली, तर होणार नाही म्हणाले. तिथला केंद्राचा नियमच आहे. सलग 24 महिने पगारी काम नसेल तर परीक्षा नव्याने द्या, नाहीतर किमान 75 तासांचे प्रशिक्षणही पुन्हा घ्या.

"मावशी, दोन वर्षे काय मी झोपले होते?" फोनवर रडली.

आधी मला रागच आला. आपण वैयावृत्त्याला अंतरंग तप मानतो, आणि तिथे त्याचा एक तासही जमा नाही! पण मी बी.कॉम. आहे. व्हाउचर नसलेली रक्कम वहीत चढत नाही, एवढे कळते. घरात तिचे काम तपासायला कोण होते? नियम रुग्णासाठी आहे, त्याला मी नावे ठेवणार नाही.

चुकलो आम्ही घरचे. अनेक राज्यांत त्या 24 महिन्यांत 8 तासांचे पगारी काम झाले तरी पुरते. म्हणजे एक दिवस! तेवढा एक दिवस जावईबापूंनी आईजवळ बसायचे होते. आणि "नोकरीचे नंतर बघ, आधी सासूबाई" असे तिला दर रविवारी सांगणारी मीच.

परीक्षेची फी मी पाठवते म्हटले, तर नको म्हणाली. मग नवऱ्याकडून घे म्हटले.