जाँच तुमची लांबणार, ग्रॅच्युइटी आमची का अडणार?

मंडळी, धूलकोटच्या जुन्या आठवणी आपण इथे लिहितो. त्यात ही एक कडू आठवणही यायलाच हवी. आमच्या शेजारचे गुरुजी निवृत्त झाले तेव्हा त्यांच्यावर जुन्या सामान-खरेदीची जाँच सुरू होती. पेन्शन मिळाली ती तात्पुरती, ग्रॅच्युइटीची रक्कम अडकली. मुलीचं लग्न त्याच पैशावर ठरलेलं! बुऱ्हाणपूरच्या दर चकरेला एकच उत्तर, "जाँच चालू आहे, गुरुजी."

पैसे खाल्ले असतील तर दमडीन् दमडी वसूल करा, कोण नको म्हणतो? पण आधी सिद्ध तर करा. माणूस नोकरीत असेपर्यंत फाईल हलत नाही, आणि तो घरी बसला की त्याच्याच ताटातलं ओढायचं?

पेन्शन ही खैरात नाही, हे सुप्रीम कोर्टाने 1971 मध्येच देवकीनंदन प्रसाद खटल्यात सांगितलंय. 2013 मध्ये झारखंडच्या जितेंद्रकुमार श्रीवास्तव खटल्यात कोर्ट म्हणालं, ही माणसाची मालमत्ता आहे, नियमाचा आधार नसताना नुसत्या परिपत्रकावर ती अडवता येणार नाही. पण मेख इथेच आहे. झारखंडात तसा नियम नव्हता. आपल्या मध्य प्रदेशच्या 1976 च्या पेन्शन नियमांत तो आहे, महाराष्ट्राच्या 1982 च्या नियमांतही आहे. तेव्हा कोर्टाच्या पायऱ्या झिजवून भागणार नाही, नियमच बदलून घ्यायला हवा. ग्रॅच्युइटी रोखायची तर जाँचेला पक्की मुदत घाला. मुदत टळली की रक्कम द्या, व्याजासकट.