सुई टोचण्याआधी निदान हवे

बदलापूर, अंबरनाथ, उल्हासनगरच्या लोकलमध्ये रोज तास-दीड तास उभे राहून पाठ धरलेले रुग्ण आमच्या बाह्यरुग्ण विभागाला नवे नाहीत. गोळ्यांनी पित्त होते, मग ‘डॉक्टर, अ‍ॅक्युपंक्चर करू का?’ हा प्रश्न आता खरवईतूनही येतो.

ही चिनी पद्धत भारतात रुजवली डॉ. बिजॉयकुमार बसू यांनी, कोलकात्यात. सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस 1938 मध्ये ज्या वैद्यकीय पथकातून चीनला गेले, त्यातलेच हे बसू. पश्चिम बंगालने 1996 मध्ये त्यासाठी कायदा केला, महाराष्ट्राचा कायदा 2015चा. 2019 मध्ये केंद्रानेही स्वतंत्र उपचारपद्धती म्हणून मान्यता दिली. त्यामुळे उपचार करणाऱ्याकडे नोंदणी प्रमाणपत्र मागायला संकोचू नका. मात्र सुई कोणी टोचावी, एवढेच कायदा ठरवतो. गुण येतो की नाही, हा प्रश्न वेगळा.

त्याचे उत्तर थोडे गमतीचे आहे. जर्मनीत जुनाट कंबरदुखीच्या 1162 रुग्णांवर झालेला अभ्यास 2007 मध्ये प्रसिद्ध झाला. सहा महिन्यांनी नेहमीच्या उपचारांनी सुमारे 27 टक्क्यांना, तर अ‍ॅक्युपंक्चरने 48 टक्क्यांना बरे वाटले. आणि मुद्दाम चुकीच्या जागी, वरवर सुया टोचलेल्या गटात? 44 टक्के! म्हणजे आराम खरा, पण शरीरातून वाहणारी ‘ची’ ऊर्जा आणि तिचे नेमके बिंदू यांना त्यातून आधार मिळत नाही. ब्रिटनच्या ‘नाइस’ संस्थेने 2016 मध्ये कंबरदुखीसाठी ही पद्धत नको म्हटले, 2021 मध्ये ठोस कारण न सापडणाऱ्या जुनाट वेदनांसाठी तिचा विचार करावा असे सांगितले. वेदनेपुरता हा पर्याय मला मान्य आहे. मधुमेहाच्या गोळ्या सुटतील, असे कोणी सांगितले तर तिथून उठावे.

सुई निर्जंतुक, एकदाच वापरायची आणि पाकीट तुमच्यासमोर फोडलेली हवी, नाहीतर कावीळ ‘ब’ आणि ‘क’चा धोका. छातीवर खोल गेलेली सुई क्वचित फुप्फुसालाही छिद्र पाडते. रक्त पातळ होण्याच्या गोळ्या चालू असतील तर आधी सांगा.

माझी मोठी काळजी मात्र सुईची नाही, वाया जाणाऱ्या महिन्यांची आहे. आपल्याकडे पाठदुखीमागे मणक्याचा क्षयरोग असू शकतो. सुयांनी दुखणे थोडे दबते, आत मणका झिजत राहतो. संध्याकाळचा ताप, घटते वजन, रात्री झोपमोड करणारी कळ, पायांतली ताकद कमी होणे, यांपैकी काही असेल तर आधी तपासणी आणि एक्स-रे. लघवीवरचा ताबा सुटला तर त्याच दिवशी रुग्णालय गाठा.