अर्जदार बाईचे नाव कोणत्या रकान्यात?

गेल्या पावसाळ्यात आमच्या कल्याणच्या केंद्रावर एक बाई आल्या. वय साठीच्या पुढे. १९९१ साली नवऱ्याच्या मारहाणीविरुद्ध त्यांनी आमच्याकडे अर्ज दिला होता. पुढे त्या वेगळ्या झाल्या आणि डोंबिवलीत पोळीभाजी विकून त्यांनी दोन मुली वाढवल्या. म्हणाल्या, "ताई, तो माझा अर्ज मिळेल का? धाकटीला दाखवायचाय. तिला वाटतं, मी उगाच घर मोडलं."

आम्ही तीन दिवस शोधले. बाई नाव सांगत होत्या माहेरचे, कारण आता त्या तेच लावतात. रजिस्टरात नोंद सापडली ती 'सौ.' आणि पुढे नवऱ्याचे संपूर्ण नाव, अशी. तिचे स्वतःचे नाव कुठेच नाही! आणि मैत्रिणींनो, हे रजिस्टर कोणा सरकारी कारकुनाने लिहिलेले नव्हते. ते आपल्याच एका कार्यकर्तीने लिहिले होते.

आमच्या दप्तराचे काम दोन वर्षे चालू आहे. अर्ज, समुपदेशनाच्या वह्या, मोर्चांची पत्रके, पथनाट्यांच्या संहिता, शिबिरांचे फोटो, कॅसेट असे सगळे पत्र्याच्या ट्रंकांत भरलेले आहे. एक ट्रंक २६ जुलै २००५ च्या पुरात गेली. उरलेल्याची यादी संगणकावर करू, असे ठरले तेव्हा ठाण्याच्या एका तरुण मैत्रिणीने 'इनकोडेड अर्कायव्हल डिस्क्रिप्शन', थोडक्यात ईएडी, या पद्धतीचे नाव काढले. कागदपत्रांच्या संग्रहाचे वर्णन संगणकाला कळेल अशा खुणांमध्ये लिहायचे, ही ती पद्धत. अमेरिकेत बर्कलीच्या विद्यापीठात १९९३ मध्ये तिचे काम सुरू झाले, १९९८ मध्ये पहिली आवृत्ती निघाली, मग २००२ आणि २०१५ च्या सुधारित आवृत्त्या आल्या. शीर्षक, काळ, निर्माता, भाषा, कोणाला पाहता येईल, अशा प्रत्येक गोष्टीला सुरुवातीची आणि शेवटची खूण असते. पेशवे दप्तरात रुमाल आणि रुमालात कागद असतात, तशीच इथेही पायरीपायरीने उतरत जाणारी मांडणी. म्हणजे कल्पना आपल्याला अगदीच परकी नाही.

बैठकीत दोन मते पडली. एक ज्येष्ठ ताई म्हणाल्या, "आपल्या वह्या आपल्यापुरत्या, साध्या एक्सेलमध्ये टाका." तरुण मैत्रीण म्हणाली, "जगाने ठरवलेलं आहे, जसंच्या तसं घ्या." मला दोन्ही पटत नाही.

स्वतःचाच साचा केला तर तो करणारी कार्यकर्ती नोकरी बदलून गेली की कोणाला कळत नाही. शिवाय चळवळीचे कागद विखुरलेले आहेत. मुंबईची 'स्पॅरो' १९८८ पासून स्त्रियांची छायाचित्रे, ध्वनिमुद्रणे, कागद जमवते आहे. उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांना 'आम्हीही इतिहास घडवला' (१९८९) साठी आंबेडकरी चळवळीतल्या स्त्रियांना गाठून त्यांच्या तोंडून इतिहास गोळा करावा लागला. एकमेकींच्या नोंदी जुळायच्या तर भाषा एक हवी.

पण जसेच्या तसे घेतले तर काय होते? आमच्या कल्याणचेच उदाहरण घ्या. इथे वाढलेली यमुना लग्नानंतर आनंदी झाली, १८८६ मध्ये फिलाडेल्फियाहून डॉक्टर झाली. तिच्याविषयीचे कागद आणि जपान व सीरियाच्या मैत्रिणींबरोबरचा तो १८८५ चा प्रसिद्ध फोटो आज तिथल्या ड्रेक्सेल विद्यापीठाच्या संग्रहात आहे. तिथे आडनावाच्या इंग्रजी स्पेलिंगच्या शेवटी दोन 'ई'. आपल्याकडे ती नवऱ्याच्या नावाला जोडून 'आनंदी गोपाळ'. एकाच बाईची किती नावे, आणि त्यातले कोणते तिला विचारून ठेवलेले?

या पद्धतीला मुरड घालता येते, ही चांगली गोष्ट. २०१५ च्या आवृत्तीत व्यक्तीचे नाव तुकड्यांत लिहिता येते आणि प्रत्येक तुकडा कशाचा, ते आपण ठरवू शकतो. व्यक्तींच्या नोंदींसाठी जोडीची एक पद्धत आहे, तिच्यात एकीची अनेक नावे, कोणते केव्हापासून केव्हापर्यंत वापरले, हेही मांडता येते. मग आपले तुकडे असे करूया: स्वतःचे नाव, आईचे, वडिलांचे, माहेरचे आडनाव, सासरचे आडनाव, हाकेचे नाव. नवऱ्याचे नाव असेल तर असेल, सक्ती नको. मथळ्याला कोणते घ्यायचे ते तिने सांगावे. महाराष्ट्र सरकारने २०२४ मध्ये मुलांच्या नावात आईचे नाव घालायचा निर्णय घेतला, त्याचे स्वागतच आहे; पण त्याच निर्णयात विवाहित स्त्रीच्या नावापुढे नवऱ्याचे नाव लावायची रीत कायम ठेवली. सरकारची वाट पाहत बसायचे कारण नाही.

इथेच मला भीतीही वाटते. नाव नीट लिहिले की ते नीट सापडते, कोणालाही! ईएडीमध्ये 'पाहण्यावर निर्बंध' अशी खूण आहे, 'फक्त आतल्यांसाठी' असेही लिहिता येते. पण ती दारावरची पाटी आहे, कुलूप नव्हे. फाईल दुसऱ्याला दिली की झाकलेले नावही तिच्याबरोबर जाते. बलात्कारित स्त्रीची ओळख उघड करणे गुन्हा आहे; तेव्हाचे कलम २२८-अ, १ जुलै २०२४ पासून न्यायसंहितेचे ७२. आणि नाव गाळूनही भागत नाही. 'नवरा रेल्वेत, कोळसेवाडी, १९९३' एवढ्यावरून आमच्याकडे चाळीतली कोणीही बाई ओळखेल. म्हणून माझे म्हणणे असे की अर्जांचे वर्णन एकेका अर्जाचे नको, वर्षाच्या गठ्ठ्याचे करावे. नावांची फाईल वेगळी, केंद्राबाहेर न जाणारी. मूळ पद्धतीत निर्बंधाची खूण ऐच्छिक आहे, ती आपण सक्तीची करायची. तपासणीचे नियम जोडले की ती रिकामी ठेवलेली फाईल संगणकच नापास करतो.

बाकीचे थोडक्यात. 'निर्माता' या खुणेत एकाच पुढारी बाईचे नाव पडू नये. पथनाट्ये आठ-दहा जणींनी रात्री बसून रचली. भाषेच्या जुन्या यादीत मराठीला संकेत आहे, वारली आणि कातकरीला स्वतंत्र नाही; नंतरच्या मोठ्या यादीत आहे. मुरबाड-शहापूरच्या शिबिरांतली गाणी 'मराठी' म्हणून नोंदवायला निघालेल्यांनी थोडे थांबावे.

त्या बाईंना अर्ज मिळाला, झेरॉक्स घेऊन गेल्या. जाताना विचारले, "आता माझं नाव कसं लिहिणार?" आम्ही त्यांच्याकडेच कागद दिला. त्यांनी स्वतःचे नाव लिहिले, पुढे आईचे. तिथेच थांबल्या, आडनाव लिहिलेच नाही. त्याला आमच्या मसुद्यात अजून जागा नाही, ती करावी लागेल.

ठाणे, कल्याण, डोंबिवली, उल्हासनगरच्या गटांना विनंती: तुमच्या अर्जाच्या रजिस्टरात कोणते रकाने आहेत, ते आम्हाला लिहून पाठवा. बायकांची नावे नकोत, नुसते रकाने.