रोमचा जल्लाद, चांगीचा दोर

पोप फ्रान्सिस सप्टेंबर २०२४ मध्ये सिंगापुरास येऊन गेले. फाशी कधीच मान्य होणे नाही, अशी दुरुस्ती त्यांनी २०१८ साली धर्मशिकवणीत केली होती. पण त्यांच्याच गादीच्या राज्यात पूर्वी काय चाले? रोममध्ये बुगात्ती नावाच्या जल्लादाने १७९६ ते १८६४ पर्यंत ५१६ जणांना देहदंड दिला. मधली काही वर्षे फ्रेंचांच्या अंमलाची. एरवी हा गृहस्थ छत्र्या रंगवून विकी! निवृत्त झाला तेव्हा पोपनी पेन्शनही दिले. व्हॅटिकनच्या कायद्यातून देहदंड गेला तो १९६९ मध्ये.

आपल्या चांगी तुरुंगात दर्शन सिंग यांनी १९५९ पासून कित्येक दशके हेच काम केले. आकडा ८५० च्या वर सांगतात. हेरॉइन १५ ग्रॅमहून अधिक आणले की १९७५ पासून फाशी ठरलेली. २०१३ पासून केवळ वाहकाला, तेही अटींवर, जन्मठेपेची सवलत मिळू शकते.

मादक द्रव्यांची दया आम्हांला नाही. आम्ही रोज मुलांत वावरतो. पण सरकारी वकील आरोप सौम्य करतात तेव्हा कागदावर '१४.९९ ग्रॅम' लिहितात, हे वाचून आमच्या हातातला खडू थांबतो.