चंदेरीच्या मागावर संगणक : नक्षीचा मालक कोण?

मागावर बसणाऱ्या कारागिराला संगणक काय कामाचा, असा सवाल आपल्या बाजारात आजही ऐकू येतो. त्याचे उत्तर मध्य प्रदेशातील चंदेरीत मिळते. अशोकनगर जिल्ह्यातला हा लहानसा कसबा. रेशमाचा ताणा, सुताचा बाणा आणि डिंक न काढलेल्या कच्च्या रेशमाची ती हलकी चमक, ही चंदेरीची ओळख. ग्वाल्हेर, बडोदे, नागपूर येथील मराठा राजघराण्यांत चंदेरीची साडी आणि पागोटे यांना मान होता. विणकरांत अन्सारी आहेत, तसेच कोळी समाजाचेही लोक आहेत.

या कसब्यात २००९-१० च्या सुमारास जुन्या राजा-रानी महालात विणकरांसाठी संगणक केंद्र उभे राहिले. ते उभे करणारे ओसामा मंझर हे मूळचे पत्रकार. वृत्तपत्रांत काम केल्यावर त्यांनी संगणक आणि इंटरनेटवरील मजकुराचा व्यवसाय केला, आणि २००२ साली दिल्लीत डिजिटल एम्पॉवरमेंट फाउंडेशन ही संस्था काढली. बातमी आणि माहिती मोठ्या शहरांपलीकडे, गरिबाच्या वस्तीत पोहोचली पाहिजे हा त्यांचा आग्रह. चंदेरीच्या कामाला केंद्र सरकारच्या मीडिया लॅब एशिया या संस्थेचे साह्य होते. तारा पोहोचल्या नव्हत्या तिथे छपराछपरांवर अँटेना लावून बिनतारी इंटरनेट फिरवले गेले.

पण व्यापाऱ्याने नीट पाहावे असे काम वेगळेच आहे, ते नक्षीचे. कपड्यातल्या लोकांना ठाऊक आहे की नवी बुट्टी काढायची तर आधी ग्राफ पेपरवर नकाशा बसवावा लागतो. एक चौकोन म्हणजे ताण्या-बाण्याचा एक हिशेब. एक चौकोन चुकला तर पदरावर डाग दिसतो. मग त्या कागदावरून जकार्डचे पत्ते पाडायचे. हे काम जाणणारे नकाशेवाले मोजके, त्यांचा भाव वेगळा, आणि हाती नकाशा येईपर्यंत दिवस जातात. त्या काळात माग रिकामा, मजुरी बंद. आता तोच नकाशा पडद्यावर एकदा काढला की बुट्टी लहान-मोठी करा, रंग बदला, काठ फिरवा. दिवसांचे काम तासांवर येते. चंदेरीच्या केंद्रात विणकरांच्या मुलामुलींना हे शिकवले गेले. बापाचा हात मागावर, मुलीचा संगणकावर.

याचा अर्थ काय, हे आपण सावकारी पद्धतीत वाढलेल्या लोकांनी समजून घ्यावे. पूर्वी सूत मालकाचे, नकाशाही मालकाचा. विणकराचे म्हणून फक्त हात. तोच नकाशा दुसऱ्यासाठी विणला तर दुसऱ्या दिवसापासून सूत बंद. नकाशा घरात तयार होऊ लागला की पहिल्यांदा विणकराकडे हातांखेरीज काहीतरी विकण्यासारखे येते.

मी स्वतः उर्दू माध्यमात शिकलेला. इंग्रजी अक्षरांनी भरलेला पडदा समोर आला की माझ्या पिढीचा हात थबकतो, म्हणून या केंद्रांत पोरांना सोबत बसवून शिकवण्याची जी पद्धत आहे तिची कदर वाटते. तरीही संस्थांच्या अहवालातील हसरे फोटो पाहून मी खूश होत नाही. व्यापारी पहिला प्रश्न विचारतो : मजुरी किती वाढली? २०१९-२० च्या हातमाग गणनेत देशातील सुमारे दोन तृतीयांश विणकर घरांचे उत्पन्न महिना पाच हजार रुपयांहून कमी निघाले. संगणकाने हे एकट्याने बदलत नाही. सूत उधारीवर, पुंजी दुसऱ्याची, तोपर्यंत नकाशा घरचा असूनही भाव परकाच ठरवतो.

दुसरा धोका तर संगणकानेच आणला आहे. चंदेरीला २००५ साली भौगोलिक मानांकन मिळाले. पण ते नावाचे रक्षण करते, प्रत्येक बुट्टीचे नव्हे. यंत्रमागावर निघालेली नकली चंदेरी बाजारात किती आहे हे आपल्यापैकी प्रत्येक दुकानदार जाणतो. आपणच ती विकतो, हेही जाणतो. आता विणकराच्या मुलीने हौसेने नव्या नक्षीचा फोटो मोबाइलवर फिरवला की यंत्रमागवाल्याला नकाशेवाला शोधावाच लागत नाही. कायद्याची बाजू कारागिरांना कोणी सांगत नाही, म्हणून इथे सांगतो. डिझाइन कायदा, २००० प्रमाणे नव्या नक्षीची नोंदणी करता येते. संरक्षण दहा वर्षांचे, वाढवून पंधरा. मात्र नोंदणीपूर्वी जाहीर झालेली नक्षी नवी मानली जात नाही. म्हणजे आधी अर्ज, मग फोटो. ही एक गोष्ट प्रत्येक संगणक वर्गात पहिल्या दिवशी शिकवावी, असे माझे मत आहे.

काही बांधवांना भीती वाटते की विणकर थेट गिऱ्हाइकाला विकू लागला तर पेढ्या बंद पडतील. मला ती भीती पोकळ वाटते. इंटरनेटवरील बाजारातून परराज्यात माल विकायचा म्हटले की लहान विणकरालाही जीएसटी नोंदणी लागते. परत आलेला माल, अडकलेले पैसे, डागी साडीचे भांडण, हे सगळे मागावर बसून कोण निस्तरणार? व्यापाऱ्याचे काम राहणारच. फक्त नकाशा दाबून ठेवण्याचे काम जाईल, आणि ते गेलेले बरे.

खरा प्रश्न केंद्र चालवण्याचा आहे. सरकारी साह्य मुदतीचे असते. मुदत संपली की संगणकांवर कापड टाकले जाते, शिकवणारा पोरगा शहरात नोकरीला जातो. मालेगाव, भिवंडीत यंत्रमाग आहेत, येवल्यात पैठणीचे हातमाग. कामाची जात निराळी, पण नव्या नक्षीची गरज तिन्ही ठिकाणी. सूत बाजाराजवळ एक खोली, दोन संगणक, एक शिकवणारा आणि नोंदणीचे अर्ज भरून देणारा एक माणूस. भाडे, वीज आणि दोन पगार दहा पेढ्यांनी वाटून घेतले तर कुणाच्या गल्ल्याला धक्का बसत नाही. अट एकच ठेवावी : तिथे निघालेल्या प्रत्येक नकाशाची वहीत नोंद व्हावी, तारखेसह, काढणाऱ्याच्या नावाने. आणि आपण तो नकाशा घेतला तर बिलात त्याची रक्कम मजुरीपासून वेगळी लिहावी.