कॅमेऱ्यावाचून चित्रपट

जेथे कॅमेरा नाही तेथे चित्रपट नाही, हे मत आमच्याकडील पुष्कळ रसिकांनी स्वयंसिद्ध मानलेले दिसते. फितीवर सुईने ओरखडे काढणाऱ्या वा कुंचल्याने रंग भरणाऱ्या कलावंताची त्यांच्या लेखी पोरखेळाहून अधिक किंमत नाही. हा निकाल आम्हांस मुळीच मान्य नाही.

चित्रपट नवा होता तेव्हा, सारे काम यंत्रच करते, त्यात माणसाचा हात कोठे, असे म्हणून त्यास कलेच्या देवळाबाहेर उभे करण्यात आले. आता कोणी यंत्र बाजूस ठेवून नुसत्या हाताने चित्रपट निर्माण करू लागला, तर यंत्र कोठे, असे विचारण्यात येते! अशा न्यायासनापुढे दाद तरी कशी मागावी?

वस्तुतः पडद्यावरील गती ही कॅमेऱ्याची मिरास नव्हे. सेकंदास 24 निश्चल चौकटी डोळ्यांपुढून जातात आणि त्यांच्यातील भेदामुळे हालचालीचा भास होतो. ती चौकट भिंगाने रेखली की सुईने, ह्याची पडद्यास काय क्षिती? न्यूझीलंडमध्ये जन्मलेल्या लेन लाय ह्यांनी ब्रिटिश टपाल खात्याच्या चित्रपट विभागासाठी 1935 साली 'ए कलर बॉक्स' थेट फितीवरच रंगविला. त्यांच्या 1958 च्या 'फ्री रॅडिकल्स'मध्ये काळी फीत खरवडून काढलेल्या शुभ्र रेषा आफ्रिकी ढोलांच्या तालावर नाचतात. अमेरिकेतील स्टॅन ब्रॅकेज ह्यांनी 1963 च्या 'मॉथलाइट'साठी पतंगांचे पंख, पाकळ्या आणि गवताची पाती दोन पारदर्शक चिकटपट्ट्यांमध्ये बसविली.

पोरखेळ म्हणणाऱ्यांनी थोडा हिशेब करावा. 16 मिलिमीटर फितीवरील चौकट नखाएवढी. मिनिटास अशा 1,440 चौकटी. एका चौकटीतून दुसरीत जाताना रेषा किंचित अधिक सरकली, तर पडद्यावर ती भलतीच उडी घेते. 'फ्री रॅडिकल्स' तर लाय ह्यांनी 1979 साली, मृत्यूच्या आदल्या वर्षी, पुन्हा हाती घेऊन अधिक आटोपशीर केला. 21 वर्षांनी आपला खेळ दुरुस्त करावयास कोणते पोर बसते?

प्रत्येक ओरखडा ही कला होय, असे मात्र आम्ही म्हणत नाही. अपघातासच प्रतिभा समजणारे उत्साही भक्त हेही ह्या कलेचे तितकेच वैरी होत. कसोटी एकच: पडद्यावर ती रेषा जिवंत झाली काय? झाली असेल, तर कॅमेऱ्याची चौकशी भांडारप्रमुखाने करावी. ते रसिकाचे काम नव्हे.