अभ्र्याचे गणित

एक उदाहरण सोडवा. उशी ६५ सें.मी. लांब व ४५ सें.मी. रुंद आहे. अशा चार उशांना अभ्रे शिवायचे आहेत. कापडाचा पन्हा ९० सें.मी. आहे. कापड किती आणावे?

प्रथम एका अभ्र्याचे माप काढू. रुंदी ४५, उशी सहज शिरावी म्हणून २ आणि दोन्ही कडांच्या शिवणीसाठी ३ मिळवले की ५०. लांबी दोन्ही अंगांची मिळून १३०, तोंडाशी आत वळवायच्या पदरासाठी १५ व टोकांच्या दुमडीसाठी ५, एकूण १५०. अशा चार पट्ट्यांचे क्षेत्रफळ ३०,००० चौ. सें.मी. मीटरभर कापडाचे क्षेत्रफळ ९,००० चौ. सें.मी. भागाकार केला की उत्तर ३.३३ मीटर. वहीत बरोबरची खूण!

पण तेवढ्या कापडात अशा पट्ट्या दोनच निघतील. ९० च्या पन्ह्यात ५० ची एकच पट्टी बसते, ४० उरतात. चार पट्ट्यांना ६ मीटर हवे.

आता घरी शिवणकाम करणाऱ्यांना विचारा. ते पट्टीचे दोन तुकडे करून बंद टोकाला एक शिवण जादा घालतील. शिवणीचे दीड-दीड सें.मी. धरून तुकडे ६९ व ८४ सें.मी.चे होतात आणि पन्ह्यात आडवे बसतात. आठ तुकड्यांना ४ मीटर पुरते. पन्हा ११० चा असेल तर दोन अखंड पट्ट्या शेजारी मावतात व ३ मीटरच लागते. शिवाय सुती कापड धुतल्यावर आटते, म्हणून थोडे जास्त घ्यावे, हेही ते सांगतील.

भिंतीला लावायच्या रंगाला क्षेत्रफळाचा भागाकार चालतो. कापडाच्या उरलेल्या चिंध्या वितळवून नवी पट्टी ओतता येत नाही! याहून कमी कापडात भागणार नाही, एवढेच तो भागाकार सांगतो.

हा प्रश्न क्षुल्लक नाही. माल कमीत कमी वाया जाईल असा कसा कापावा, याचे गणित रशियन गणिती लिओनिद कांतोरोविच यांनी १९३९ साली मांडले. अशाच कार्यासाठी १९७५ साली त्यांना अर्थशास्त्राचे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले. आपल्या घरी मात्र हीच आकडेमोड करणाऱ्या आईला आपण ‘तिला गणित येत नाही’ असे खुशाल म्हणतो.

शिक्षकांना माझी विनंती आहे. असे उदाहरण घालताना पन्हाही सांगा, कागद आणि कात्री हाती द्या, आणि तुकडे मांडून दाखवल्याखेरीज गुण देऊ नका. दुकानात कापड कमी पडते ते उत्तर बरोबर कसे म्हणावे?